शाहीर, गायक आणि रॅपर यांचे अभिव्यक्तिस्वातंत्र्य : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

जात, धर्म, सत्ता, स्त्रियांवरील अन्याय अशा विषयांवर महाराष्ट्रात गाणी लिहिणाऱ्या, गाणाऱ्या आणि अशा गाण्यांचे कार्यक्रम भरवणाऱ्या मंडळींकडून जे प्रश्न पुन्हा पुन्हा येतात, त्यांची उत्तरे येथे दिली आहेत. ती वाचताना एक गोष्ट लक्षात येईल. उच्च आणि सर्वोच्च न्यायालयांचे निकाल बरेचसे गाणाऱ्याच्या बाजूने आहेत, परंतु गाणे अडते ते न्यायालयाची पायरी चढण्याच्या कितीतरी आधी, म्हणजे पोलिस ठाण्यात, परवानगीच्या टेबलावर किंवा सभागृहाच्या कार्यालयात. प्रत्यक्ष गुन्हा नोंदला गेला असेल तर मात्र या मजकुरावर विसंबून न राहता वकील गाठावा.

कलावंत म्हणून मला इतर नागरिकांपेक्षा जास्त स्वातंत्र्य आहे का?

नाही, आणि कमीही नाही. राज्यघटनेच्या कलम १९(१)(अ) नुसार भाषण आणि अभिव्यक्तीचे स्वातंत्र्य प्रत्येक नागरिकाला आहे आणि त्यात गाणे, पोवाडा, रॅप, वगातील बतावणी हे सगळे येते. या स्वातंत्र्यावर बंधन घालायचे असेल तर कलम १९(२) मध्ये दिलेल्या कारणांपैकी एखादे कारण लागते. देशाचे सार्वभौमत्व व एकात्मता, राज्याची सुरक्षितता, परराष्ट्रांशी मैत्रीचे संबंध, सार्वजनिक सुव्यवस्था, सभ्यता किंवा नीतिमत्ता, न्यायालयाचा अवमान, अब्रुनुकसानी आणि गुन्ह्याला चिथावणी, एवढीच ती कारणे आहेत. मंत्र्याची प्रतिमा, पक्षाची प्रतिष्ठा किंवा ‘आमच्या गावात असले चालत नाही’ ही कारणे या यादीत नाहीत. आयोजकांनी एक भेद ध्यानात ठेवावा : कलम १९ भारतीय नागरिकांपुरते आहे, त्यामुळे परदेशी पाहुण्या गायकाला त्याचा आधार थेट घेता येत नाही.

‘भावना दुखावल्या’ एवढ्यावर गुन्हा होतो का?

गुन्हा नोंदला जाऊ शकतो, टिकणे मात्र अवघड असते. पूर्वीच्या भारतीय दंड संहितेतील कलम २९५अ आता, म्हणजे १ जुलै २०२४ पासून, भारतीय न्याय संहितेत कलम २९९ म्हणून आले आहे. धार्मिक भावना दुखावण्याचा जाणूनबुजून आणि दुष्ट हेतूने केलेला प्रयत्न, असे त्याचे शब्द आहेत. सर्वोच्च न्यायालयाने १९५७ मध्येच, रामजीलाल मोदी खटल्यात, अजाणतेपणी किंवा निष्काळजीपणे झालेला अवमान या कलमात बसत नाही असे सांगून ठेवले आहे.

२०१८ मध्ये एका मल्याळम चित्रपटातील गाणे अभिनेत्रीने डोळा मारल्यामुळे देशभर गाजले. त्या गाण्याने धार्मिक भावना दुखावल्याची फिर्याद हैदराबादेत दाखल झाली आणि तक्रारी महाराष्ट्रातही झाल्या. त्या वर्षी ३१ ऑगस्टला सर्वोच्च न्यायालयाने तो गुन्हा रद्द केला. ते गाणे केरळच्या मुस्लिम समाजात अनेक वर्षे गायले जात होते. जे गाणे एका प्रांतात लग्नकार्यात म्हटले जाते तेच दुसऱ्या प्रांतात अवमान ठरवले गेले.

दोन समाजांत वैर पसरवण्याचे कलम वेगळे आहे. पूर्वी ते १५३अ होते, आता १९६ आहे. त्यासाठी किमान दोन समाजगट लागतात आणि त्यांच्यात तेढ निर्माण करण्याचा हेतू लागतो. एकाच गटाची, सरकारची किंवा एखाद्या रूढीची कडक निंदा केली म्हणून हे कलम लागत नाही, हे १९९७ च्या बिलाल अहमद कालू निकालापासून प्रस्थापित आहे.

गाणे कोणाच्या कानाने ऐकायचे? चटकन चिडणाऱ्याच्या की समंजस श्रोत्याच्या?

या प्रश्नाचे उत्तर नागपुरात दिले गेले, याचा आपण मराठी लोक फारसा उल्लेख करत नाही. स्वातंत्र्यापूर्वी, भगवतीचरण शुक्ल खटल्यात, तेथील उच्च न्यायालयाचे न्यायमूर्ती व्हिव्हियन बोस यांनी लिहिले की शब्दांचा परिणाम जोखायचा तो समंजस, खंबीर आणि धीट माणसाच्या मापाने, दुबळ्या व डळमळीत मनाच्या किंवा जिथे तिथे धोकाच हुंगणाऱ्या माणसाच्या मापाने नव्हे. पुढे सर्वोच्च न्यायालयाने हे माप वारंवार वापरले आणि २८ मार्च २०२५ रोजी पुन्हा वापरले.

तो ताजा निकाल इमरान प्रतापगढी यांचा. ते उर्दू शायर आहेत आणि महाराष्ट्रातून राज्यसभेवर निवडून गेलेले खासदार आहेत. गुजरातमधील जामनगर येथे एका सामूहिक विवाहसोहळ्याची चित्रफीत त्यांनी समाजमाध्यमावर टाकली आणि तिच्या पार्श्वभूमीला एक उर्दू कविता लावली. त्यावरून पोलिसांनी समाजात तेढ पसरवण्यापासूनची कलमे लावली आणि गुजरात उच्च न्यायालयाने गुन्हा रद्द करण्यास नकार दिला. सर्वोच्च न्यायालयात न्यायमूर्ती अभय ओक आणि उज्ज्वल भुयान यांनी तो रद्द केला. अन्याय सोसावा लागला तरी त्याला प्रेमाने सामोरे जावे, असा त्या कवितेचा आशय आहे, हे त्यांनी ओळीओळीने वाचून दाखवले. प्रजासत्ताक होऊन पंच्याहत्तर वर्षे झाल्यावर एका कवितेने किंवा विनोदाच्या कार्यक्रमाने समाजात वैर माजेल इतके आपण कच्चे आहोत काय, असा निकालाचा रोख आहे. न्यायाधीशांना स्वतःला ते शब्द रुचले नाहीत तरी हक्क जपणे हे त्यांचे कर्तव्य आहे, असेही तेथे म्हटले आहे. गाण्याच्या प्रत्येक वादात वकिलाच्या हाती असावा असा हा निकाल आहे.

सत्ताधाऱ्यांवर रॅप केले. पोलिस काय करू शकतात?

एप्रिल २०२३ मध्ये छत्रपती संभाजीनगरच्या एका तरुण रॅपरने राज्यातील सत्तांतरावर गाणे केले. गाण्यात कोणाचे नाव नव्हते, त्या काळात विधान भवनाच्या पायऱ्यांवर घुमणाऱ्या ‘पन्नास खोके’ या घोषणेचा आधार होता. तरीही अंबरनाथला गुन्हा नोंदवला गेला. त्याच सुमारास मुंबईतही एका रॅपरवर त्याच्या गाण्यावरून कारवाई झाली. मार्च २०२५ मध्ये विनोदकार कुणाल कामरा यांनी एका जुन्या चित्रपटगीताच्या चालीवर राज्यातील नेत्याचे विडंबन गायले, तेव्हा गुन्ह्याबरोबरच खारच्या त्या सभागृहाची मोडतोडही झाली. मुंबई उच्च न्यायालयाने पुढच्याच महिन्यात त्यांना अटकेपासून संरक्षण दिले.

अशा वेळी लावली जाणारी कलमे ठरलेली असतात. एक अफवा किंवा वैर पसरवणाऱ्या विधानांचे (पूर्वीचे ५०५, आता ३५३) आणि दुसरे अब्रुनुकसानीचे (आता ३५६). पहिल्यासाठी समाजगटांत तेढ पसरावी लागते आणि राजकीय पक्ष म्हणजे जात किंवा धर्म नव्हे. दुसरा गुन्हा अदखलपात्र आहे, म्हणजे पोलिसांना दंडाधिकाऱ्यांच्या आदेशाशिवाय त्याचा तपास करता येत नाही. तक्रारदार कार्यकर्त्याला हे ठाऊक असते, म्हणूनच अब्रुनुकसानीच्या जोडीला एखादे दखलपात्र कलम हमखास टाचलेले दिसते. राजद्रोहाचे जुने कलम १२४अ सर्वोच्च न्यायालयाने ११ मे २०२२ रोजी स्थगित ठेवले. नव्या न्याय संहितेत तो शब्द नाही, पण देशाची एकता धोक्यात आणण्याविषयीचे कलम १५२ बरेच ऐसपैस आहे आणि त्याच्याविषयीची शंका रास्त आहे.

ठाण्यातून फोन आला : ‘जरा येऊन जा.’ जावे का?

फोनवरच्या निरोपाला घाबरून धावत जाऊ नये आणि तो उडवूनही लावू नये. लेखी नोटीस मागावी. सात वर्षांपर्यंत शिक्षा असलेल्या गुन्ह्यांत अटकेची गरज नसेल तर भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या (जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या जागी आलेल्या कायद्याच्या) कलम ३५(३) खाली हजर राहण्याची नोटीस द्यावी लागते. तिचे पालन केले तर सहसा अटक होत नाही, आणि करायची झाल्यास पोलिसांना कारणे नोंदवावी लागतात.

त्याहून महत्त्वाचे त्याच संहितेचे कलम १७३(३) आहे. तीन वर्षे किंवा अधिक, पण सात वर्षांपेक्षा कमी शिक्षेच्या दखलपात्र गुन्ह्यात उपअधीक्षकांच्या परवानगीने चौदा दिवसांत प्राथमिक चौकशी करून मगच गुन्हा नोंदवायचा की नाही हे ठरवता येते. गाण्यावर लागणारी बहुतेक दखलपात्र कलमे याच पट्ट्यात येतात. प्रतापगढी निकालाने तर भाषणाशी संबंधित अशा गुन्ह्यांत ही चौकशी करणेच योग्य असे म्हटले आहे. वकिलामार्फत एक साधे पत्र देऊन या तरतुदीची आठवण करून दिली, तर प्रकरण तेथेच निवण्याची शक्यता असते.

मोबाइल जप्त होणे हा गायकाच्या दृष्टीने सर्वांत मोठा फटका असतो, कारण हल्ली चाली, कच्चे ध्वनिमुद्रण, तारखांची वही आणि गूगल पे सगळे त्यातच असते. जप्तीचा पंचनामा आणि त्याची प्रत मागावी. झडती व जप्तीचे दृक्‌श्राव्य चित्रीकरण नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १०५ नुसार आवश्यक आहे. गुन्हा रद्द करून घेण्यासाठी उच्च न्यायालयात जावे लागते. मुंबई, नागपूर, छत्रपती संभाजीनगर आणि गोव्यातील पीठांच्या जोडीला ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरलाही सर्किट बेंच बसते, त्यामुळे सांगली-सोलापूरच्या शाहिराला यासाठी मुंबई गाठण्याची गरज राहिलेली नाही.

कार्यक्रमासाठी कोणकोणती परवानगी लागते?

येथे इतिहास थोडा सांगावा लागतो, कारण आजची बंधने त्याच मुशीतली आहेत. इंग्रज सरकारने १८७६ मध्ये नाट्यप्रयोग नियंत्रणाचा कायदा केला. खाडिलकरांच्या ‘कीचकवधा’वर १९१० मध्ये बंदी आली, कारण प्रेक्षकांना कीचकाच्या जागी कर्झन दिसत होता. हा केंद्रीय कायदा रद्द व्हायला २०१८ साल उजाडले, परंतु महाराष्ट्रात पोलिस कायद्याखालील नियमांनुसार चालणारे रंगभूमी प्रयोग परिनिरीक्षण मंडळ त्यानंतरही उरले आहे. नाटक, लोकनाट्य, वग यांची संहिता प्रयोगाआधी तेथे संमत करून घ्यावी लागते. चित्रपटाला पूर्वतपासणी असते तशी पुस्तकाला नसते, मग रंगमंचावरील शब्दालाच का, हा प्रश्न अमोल पालेकर यांनी २०१६ मध्ये मुंबई उच्च न्यायालयात नेला होता. प्रश्न वाजवीच आहे, कारण लावणीच्या फडावर किंवा जलशात ऐनवेळी सुचलेली बतावणी ही कलेचा प्राण असते आणि ती आधी लिहून देता येत नाही.

उघड्यावरील कार्यक्रमाला ध्वनिक्षेपकाची परवानगी लागते. ध्वनिप्रदूषण नियम २००० नुसार रात्री दहा ते सकाळी सहा ध्वनिक्षेपक बंद ठेवायचा असतो. राज्य सरकार वर्षातून जास्तीत जास्त पंधरा दिवस मध्यरात्रीपर्यंत सूट देऊ शकते. गाण्याच्या आशयाशी या नियमाचा संबंध नाही, तरी नको असलेले गाणे थांबवायला तो फार सोयीचा पडतो.

आता महाराष्ट्र पोलिस अधिनियम, १९५१ मधील कलम ३७ पाहा. वर्तमानपत्रात ‘जिल्ह्यात ३७(१)(३) लागू’ अशी बातमी येते ती हीच, आणि हे आदेश साधारणतः पंधरा-पंधरा दिवसांचे निघतात. त्यात मनाई करता येणाऱ्या गोष्टींची यादी आहे : शस्त्रे, दाहक आणि स्फोटक पदार्थ, दगड, प्रतिमा आणि पुतळ्यांचे प्रदर्शन, आणि त्याच ओळीत जाहीरपणे घोषणा देणे, गाणी म्हणणे आणि वाद्ये वाजवणे. डफ आणि दगड एकाच यादीत! कार्यक्रमाची तारीख ठरवताना त्या दिवशी असा आदेश लागू आहे का, हे पोलिस आयुक्तालयात किंवा जिल्हाधिकारी कार्यालयात विचारून घ्यावे. नाहीतर परवानगी हातात असूनही गाणे थांबते.

‘वातावरण तापले आहे’ म्हणून सभागृहाने बुकिंग रद्द केले. पुढे काय?

धमकी देणाऱ्यांना आवरायचे की गाणाऱ्याला, हा खरा प्रश्न आहे आणि सर्वोच्च न्यायालयाने त्याचे उत्तर दोनदा निःसंदिग्ध दिले आहे. १९८९ च्या रंगराजन निकालात, निदर्शनांच्या किंवा हिंसेच्या धमकीमुळे अभिव्यक्ती दडपता येत नाही, असे म्हटले आहे. शब्दांचा आणि धोक्याचा संबंध दारूगोळ्याच्या कोठारातील ठिणगीइतका जवळचा असला पाहिजे. २०१९ मध्ये एका बंगाली चित्रपटाचे खेळ पोलिसांच्या तोंडी दटावणीने बंद पडले, तेव्हा न्यायालयाने पश्चिम बंगाल सरकारला २० लाख रुपये भरपाई द्यायला लावली आणि कलावंताला संरक्षण देणे हे सरकारचे काम आहे असे सुनावले.

प्रत्यक्षात काय होते ते ऑक्टोबर २०१५ मध्ये मुंबईने पाहिले. षण्मुखानंद सभागृहात ९ ऑक्टोबरला गझलगायक गुलाम अली यांचा, जगजितसिंग यांच्या स्मृतीनिमित्तचा कार्यक्रम ठरला होता. शिवसेनेने विरोध जाहीर केला, सरकारने सुरक्षेची ग्वाही दिली, तरीही आयोजकांनी कार्यक्रम रद्द केला. आयोजकांना दोष देणे सोपे आहे, पण खुर्च्यांची तोडफोड झाली तर बिल त्यांच्याच नावाने निघते. म्हणून बुकिंग करतानाच करारात रद्द करण्याच्या अटी लिहून घ्याव्यात, धमकी आल्यास पोलिसांकडे लेखी संरक्षण मागावे आणि पोहोच जपून ठेवावी. तोंडी नकाराविरुद्ध न्यायालयात दाखवायला हातात काहीच राहत नाही.

जातीवरची गाणी गाताना कुठे थांबावे?

जातिव्यवस्थेवर घणाघात करणे आणि जातीचे नाव घेऊन माणसाला खाली पाडणे, यांत फरक आहे. सत्यशोधकी जलसे, आंबेडकरी जलसे आणि वामनदादा कर्डकांपासून चालत आलेली भीमगीते पहिल्या प्रकारातली. दुसऱ्यासाठी ॲट्रॉसिटी कायद्याचे कलम ३ आहे : अनुसूचित जाती-जमातीच्या व्यक्तीचा लोकांच्या नजरेसमोर अपमान करण्याच्या हेतूने केलेला अवमान किंवा जातिवाचक शिवीगाळ. २००७ मध्ये एका हिंदी चित्रपटाच्या शीर्षकगीतात चांभारकाम करणाऱ्याने सोनाराची बरोबरी करण्याची थट्टा होती. उत्तर प्रदेशात चित्रपटावर बंदी आली आणि निर्मात्यांनी माफी मागून ओळ काढली. बंदी अति झाली असे म्हणता येईल, ओळ मात्र जायलाच हवी होती. आपल्या वरातींतल्या आणि तमाशातल्या काही जुन्या ओळीही याच तपासणीतून जायला हव्यात.

ऐकणाऱ्याचाही विचार केला पाहिजे. मे २०१५ मध्ये शिर्डीत एका दलित तरुणाचा खून झाला आणि त्याच्या मोबाइलवर वाजलेल्या डॉ. आंबेडकरांवरील गाण्याच्या रिंगटोनवरून वादाला सुरुवात झाली, असे फिर्यादीत म्हटले होते. गाणे बनवणारा, गाणारा, वाजवणारा यांपैकी तो कोणीच नव्हता. अभिव्यक्तिस्वातंत्र्याची चर्चा व्यासपीठावरच्या माणसापुरती ठेवली की असा माणूस तिच्यातून सुटतो.

गाण्यासाठी तुरुंगवास ही नवी गोष्ट आहे का?

मुळीच नाही. बाबाराव सावरकरांना १९०९ मध्ये जन्मठेप, म्हणजे काळे पाणी, झाली ती कविता छापल्याबद्दल. सिंहगडाच्या आणि बाजीप्रभूंच्या पोवाड्यांवरही इंग्रजांनी बंदी घातली होती. अण्णा भाऊ साठे, अमर शेख आणि द. ना. गव्हाणकर यांच्या लाल बावटा कलापथकाला स्वतंत्र भारतातल्या मुंबई सरकारची वक्रदृष्टी सोसावी लागली. तमाशावर बंदी आली तेव्हा त्यांनी त्याच ऐवजाला लोकनाट्य म्हणून उभे केले.

आपल्या काळातील सर्वांत गुंतागुंतीचे उदाहरण पुण्याच्या कबीर कला मंचाचे आहे. २००२ च्या गुजरात दंगलींनंतर उभ्या राहिलेल्या या मंचाच्या काही कलाकारांवर २०११ मध्ये माओवादी संबंधांच्या आरोपावरून यूएपीएखाली, म्हणजे बेकायदेशीर कृत्ये प्रतिबंधक कायद्याखाली, गुन्हा दाखल झाला. शीतल साठे आणि सचिन माळी २ एप्रिल २०१३ रोजी विधान भवनासमोर स्वतःहून हजर झाले. त्याला त्यांनी शरणागती न म्हणता सत्याग्रह म्हटले. त्याआधी जानेवारीत दोघा कलाकारांना जामीन देताना मुंबई उच्च न्यायालयाने, सामाजिक विषमता, भ्रष्टाचार, गरिबांचे शोषण यांविषयी बोलणे आणि चांगला समाज हवा म्हणणे याला देशात बंदी नाही, अशा आशयाचे निरीक्षण नोंदवले. शीतल साठे गरोदर होत्या, त्यांना जूनमध्ये जामीन मिळाला. उरलेल्या तिघांना तो मिळण्यासाठी जानेवारी २०१७ मध्ये सर्वोच्च न्यायालयापर्यंत जावे लागले. २०२० मध्ये मंचाच्या तीन कलाकारांना एल्गार परिषद प्रकरणात अटक झाली. आरोप खरे की खोटे हे खटल्यात ठरायचे आहे, परंतु यूएपीएमध्ये जामीनच इतका दुर्मीळ आहे की खटला उभा राहण्याआधी गळ्याची उमेदीची वर्षे निघून जातात. त्या वर्षांची भरपाई निर्दोष सुटल्यावरही कोणी देत नाही.

अश्लीलतेचे काय?

सार्वजनिक ठिकाणी इतरांना त्रास होईल असे अश्लील गाणे म्हणण्यास कलम २९६ नुसार तीन महिन्यांपर्यंत कैद आहे. अश्लील काय हे आजच्या समाजाच्या मापाने ठरते, हा २०१४ चा अवीक सरकार निकाल. मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठानेही २०२३ मध्ये, तोकड्या कपड्यांतील नृत्य म्हणजे आपोआप अश्लीलता नव्हे, असे म्हटले. मात्र महापुरुष मध्ये आले की माप कडक होते. वसंत दत्तात्रेय गुर्जर यांच्या ‘गांधी मला भेटला’ या कवितेवरील २०१५ च्या निकालात, ऐतिहासिक व पूज्य व्यक्तीच्या तोंडी अश्लील शब्द घालणे जास्त गंभीर मानले गेले. प्रकाशकाने माफी मागितली होती, तो सुटला, पण कवीला खटल्याला सामोरे जाण्यास सांगितले गेले. हा निकाल मला पटत नाही. तरीही तो लागू आहे, आणि विद्रोही कविता चालीवर बांधणाऱ्याने तो धरून चालले पाहिजे.

यूट्यूबवरून गाणे अचानक नाहीसे झाले. कोणाला विचारायचे?

कारण आधी पाहावे. कॉपीराइटची तक्रार असेल तर प्रतिदावा करता येतो. माहिती तंत्रज्ञान कायद्याच्या कलम ६९अ खाली सरकारी आदेश असेल तर अडचण मोठी आहे, कारण असे आदेश गोपनीय ठेवले जातात. शेतकरी आंदोलनातील काही पंजाबी गाणी २०२१ मध्ये आणि सिद्धू मूसेवालाचे पाणीप्रश्नावरील गाणे २०२२ मध्ये भारतात अशीच दिसेनाशी झाली. आदेशाची प्रत मागणारा अर्ज आणि त्यानंतर उच्च न्यायालय, एवढाच मार्ग आहे.

आयोजक म्हणतात अमुक गीत म्हटलेच पाहिजे. नकार देता येतो का?

येतो. केरळमधील तीन शाळकरी मुले राष्ट्रगीताच्या वेळी आदराने उभी राहत, पण धार्मिक श्रद्धेमुळे गात नसत. त्यांना शाळेतून काढले गेले. १९८६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्यांना परत घ्यायला लावले, कारण गप्प राहणे हाही त्याच हक्काचा भाग आहे. मानधनाच्या करारात एखादे गीत ठरले असेल तर मात्र तो व्यवहार वेगळा, म्हणून करार वाचून सही करावी.

मी जिल्हा परिषद शाळेत शिक्षक आहे आणि शाहिरीही करतो. मला काय बंधने आहेत?

हा प्रश्न फार येतो, कारण ग्रामीण महाराष्ट्रातले अनेक शाहीर पेशाने शिक्षक आहेत. जिल्हा परिषद कर्मचाऱ्यांना १९६७ चे आणि राज्य शासकीय कर्मचाऱ्यांना १९७९ चे वर्तणूक नियम लागू आहेत. हुंडा, व्यसन, अंधश्रद्धा यांवर गाण्यास ते आड येत नाहीत. सरकारच्या धोरणावर जाहीर टीका आणि राजकीय पक्षाच्या व्यासपीठावर गाणे मात्र शिस्तभंगाच्या कारवाईला निमंत्रण ठरते, मग ते गाणे फौजदारी कायद्यात कितीही निर्दोष असो. बिदागी घेऊन कार्यक्रम करत असाल तर आधी लेखी परवानगी घ्यावी आणि अर्जात विषय नेमका लिहावा. ‘सांस्कृतिक कार्यक्रम’ असे मोघम लिहून मिळवलेली परवानगी तक्रार झाली की उपयोगी पडत नाही.